जैवनीती आणि आरोग्य कायद्याच्या संशोधन केंद्रात नेमकं चालतं काय?

शेवटच्या_वर्षाची, पुणे
एलएलबीच्या शेवटच्या वर्षाला आहे. हार्वर्ड लॉ स्कूलच्या पेट्री-फ्लॉम सेंटरबद्दल वाचल्यापासून आरोग्य कायदा आणि जैवनीतिशास्त्राकडेच (उपचार आणि संशोधनात काय योग्य, काय अयोग्य याचा अभ्यास) ओढा आहे. घरचे विचारतात, "यात वकिली कुठे आली?" मला धड सांगता येत नाही. अशा केंद्रात कसलं काम चालतं? आणि त्यासाठी अमेरिकेलाच जायला हवं का?

वकीलताई, सोलापूर
वकिली भरपूर आहे गं. मी एका रुग्णालयाच्या एथिक्स कमिटीवर आहे. क्लिनिकल ट्रायलच्या, म्हणजे माणसांवरच्या औषध-चाचण्यांच्या, 2019 च्या नियमांनुसार कमिटीत किमान 7 सदस्य लागतात. त्यात एक कायद्याचा जाणकार, एक सर्वसामान्य नागरिक आणि निम्मे तरी संस्थेबाहेरचे. कमिटीच्या मंजुरीशिवाय औषधाची चाचणी सुरू होत नाही.

एकच मुद्दा सांगते, माझ्या मनातून तो जात नाही. चाचणीमुळे माणूस दगावला तर भरपाई किती? नियमांत सूत्र आहे: 8 लाख गुणिले वयाचा घटक गुणिले जोखमीचा घटक, भागिले 99.37. पासष्टीपुढे वयाचा घटक 99.37 च असतो, म्हणजे तो कटतो. जोखमीचा घटक आजार जितका गंभीर तितका कमी: निरोगी माणसाला 4 आणि जेमतेम सहा महिने हाती असलेल्या रुग्णाला 0.5. म्हणजे पासष्टीपुढच्या अशा दोघांत एकाच्या घरी 32 लाख, दुसऱ्याच्या घरी 4 लाख. डॉक्टर मंडळी म्हणतात, तो तसाही फार जगणार नव्हता. मला हे अजिबात पटत नाही. उरलेले दिवस मोजकेच होते, म्हणून तर ते त्या घराला जास्त मोलाचे होते!

हा वाद नुसत्या कायद्याने सुटत नाही, नुसत्या वैद्यकानेही नाही. म्हणून वकील, डॉक्टर आणि तत्त्वज्ञ यांना एकत्र बसवणारी केंद्रं विद्यापीठांत निघतात. पेट्री-फ्लॉम 2005 चं. पण मंगळुरूच्या येनेपोया विद्यापीठातही नीतिशास्त्राचं केंद्र आहे, ते आधी बघ.

निवृत्त_सिस्टर
वकीलताईंशी सहमत. संमतीपत्राचा विषयही घे. 2009 मध्ये खम्मम आणि वडोदऱ्यात मुलींना एचपीव्ही लस (गर्भाशयमुखाच्या कर्करोगाविरुद्धची) देण्याचा प्रकल्प झाला. खम्ममला आश्रमशाळेतल्या कित्येक मुलींच्या फॉर्मवर आईवडिलांऐवजी वॉर्डनच्या सह्या होत्या! 2010 मध्ये प्रकल्प थांबवला, 2013 मध्ये संसदीय समितीने कडक ताशेरे ओढले. मुंबईहून 1993 पासून निघणारं 'इंडियन जर्नल ऑफ मेडिकल एथिक्स' नेटवर फुकट आहे, ते वाचायला लाग.

शेवटच्या_वर्षाची, पुणे
दोघींचेही मनापासून आभार. ताई, भरपाईच्या सूत्रावरच प्रबंध करावा म्हणते. वयाचा तक्ता कुठे मिळेल?

वकीलताई, सोलापूर
त्याच नियमांच्या सातव्या अनुसूचीत. 90 टक्के किंवा जास्त रुग्ण 30 दिवसांत दगावतील अशी अवस्था असेल, तर सूत्र बाजूला ठेवून सरसकट 2 लाख दिले जातात. तेही प्रबंधात घेच.