'इंटरऑपरेबिलिटी'ला मराठीत काय म्हणावं: जोडणी, जुळणी की मेळ?

भाषांतरकार, छत्रपती संभाजीनगर:

आपले सरकार सेवा केंद्र चालवणाऱ्यांसाठी एक माहितीपुस्तिका मराठीत करते आहे. 'इंटरऑपरेबिलिटी' हा शब्द तिच्यात पानोपानी आहे. सरकारी खात्यांच्या संगणक प्रणालींना एकमेकींशी, तसंच बँका आणि व्यापाऱ्यांच्या प्रणालींशी विनाअडथळा व्यवहार करता यावा, असा आशय. शासकीय मराठीत 'आंतरपरिचालनीयता', 'परस्परसंचालनीयता' या घडणीचे शब्द वापरतात. केंद्रावर बसलेली मुलं ते वाचून पान उलटतील याची मला खात्री आहे. आधीच्या मसुद्यात कुणीतरी 'एकत्रीकरण' असं घातलंय, ते ठेवावं का? नमुन्याचं वाक्य: "भूमी अभिलेख, दस्त नोंदणी व पीक विमा या प्रणालींमध्ये इंटरऑपरेबिलिटी आवश्यक आहे."

सेवा केंद्र चालक, परभणी जिल्हा:

ताई, आमच्या टेबलावर दिवसभर तीन वाक्यं चालतात. "लिंक नाही." "तिकडून उचललं नाही." "मॅच होईना गेलंय." शब्द शोधायच्या आधी या तिन्हींचा फरक बघा, कारण पुस्तिकेतला तुमचा एकच शब्द या तिन्हींवर बसणार आहे.

लिंक नाही म्हणजे धागाच नाही. आता यातही गंमत आहे. गडी म्हणतो, "मी तर खात्याला आधार जोडलंय." जोडलेलं असतं, खोटं नाही. पण अनुदान आधारवरून यायचं तर एनपीसीआयच्या, म्हणजे बँकांमधली देवाणघेवाण चालवणाऱ्या संस्थेच्या, यादीत त्या आधारसमोर एकच बँक लागलेली असते, आणि शेवटी जिथं संमती दिली ती. मग पैसे जातात भलत्याच खात्यात, आणि हा दोन महिने जुन्या पासबुकात एंट्री मारतोय.

उचललं नाही म्हणजे एका साइटवर झालेलं काम दुसरीवर दिसत नाही. ते कधी उद्या दिसतं, कधी नाही.

आणि मॅच होईना, हे सगळ्यात बेकार. दोन्हीकडं माहिती आहे, जोडणी चालू आहे, तरी गाडी पुढं सरकत नाही. सातबाऱ्यावर नाव मराठीत, बँकेत इंग्रजीत. 'लक्ष्मण'मधला 'क्ष' एकानं एक्सनं लिहिला, दुसऱ्यानं के-एस-एचनं. एकीकडं आडनाव आधी, दुसरीकडं शेवटी. एकीकडं 'बाबुराव' एका शब्दात, दुसरीकडं 'बाबू राव' असा तोडून. माणूस समोर खुर्चीवर बसलाय, अन् संगणक म्हणतो हा तो नाही.

संगणकशास्त्राच्या प्राध्यापिका, नांदेड:

'एकत्रीकरण' अजिबात ठेवू नका. तो इंटिग्रेशनचा अर्थ झाला, आणि इथे त्यानं आशय उलटा होतो. एकत्रीकरणात चार प्रणालींची मिळून एक होते. इथे चारही आपापल्या जागी, आपापल्या खात्याच्या ताब्यात राहतात आणि ठरलेल्या नियमांनी बोलतात. यूपीआय घ्या. 2016 साली सुरू झालं तेव्हा बँका काही एकमेकींत विलीन झाल्या नाहीत. तुमचं खातं एका बँकेत, ॲप दुसऱ्याचं, दुकानदाराचा क्यूआर तिसऱ्याचा, तरी चहाचे दहा रुपये जातात. कारण संदेशाचा साचा आणि हिशेब मिटवण्याची पद्धत सगळ्यांनी एकच मान्य केली.

या विषयात थर पाडून बोलायची रीत आहे. युरोपीय संघाच्या 2017 च्या आराखड्यात चार थर आहेत: कायद्याचा, कार्यसंस्थांचा, अर्थाचा आणि तंत्राचा. भारत सरकारच्या ई-प्रशासनासाठीच्या 2015 च्या आराखड्यातही कार्यसंस्था, अर्थ आणि तंत्र यांचा विचार आहे. परभणीच्या दादांचं "लिंक नाही" हे तंत्राच्या थरातलं दुखणं, आणि "मॅच होईना" हे अर्थाच्या थरातलं. पहिल्याला मी 'जोडणी' म्हणेन, दुसऱ्याला 'जुळणी'. दोन्ही शब्द मराठीत कसलेले आहेत, फक्त आपण ते बेफिकिरीनं एकमेकांच्या जागी वापरतो. नळाची जोडणी होते, पत्रिकेची जुळणी होते. पत्रिकेची 'जोडणी' झाली असं कुणी म्हणेल का?

निवृत्त मंडळ अधिकारी, अंबाजोगाई:

मॅडमचा भेद मला पटला. आकड्यांच्या जुळणीचं एक उदाहरण देतो, नावांचं दादांनी दिलंच आहे.

सातबाऱ्यावर क्षेत्र हेक्टर-आरमध्ये असतं. 1.20 लिहिलं म्हणजे 1 हेक्टर 20 आर, जवळपास तीन एकर. आपल्याकडं बोलण्यात मात्र एकर-गुंठे. एकराचे गुंठे 40, त्यामुळं '1.20' हेच कुणी एक एकर वीस गुंठे असं वाचलं तर जमीन दीड एकर होते. म्हणजे निम्मी. आकडा या प्रणालीतून त्या प्रणालीत एका टिंबाचाही फरक न पडता पोचला, जोडणी शंभर टक्के, आणि अर्धं रान वाटेत गायब! अर्जात क्षेत्राच्या रकान्याशेजारी एकक छापलेलं नसलं की हे होणारच.

जुन्या कागदांत याहून वरताण. हैदराबाद संस्थानाच्या काळातल्या नोंदी उर्दूत, मोडीत, आणि साल फसली, म्हणजे महसुलाच्या हिशेबासाठी धरलेलं. फसलीत 590 मिळवले की इसवी सन निघतो, म्हणजे 1357 फसली हे 1947-48. पण ते वर्ष जानेवारीत सुरू होत नसे, त्यामुळं एका फसली सालाचे महिने इसवीच्या दोन सालांत विभागले जातात. आता 'वर्ष' असा चार आकडी रकाना असलेल्या फॉर्ममध्ये 1357 भरा. संगणक बिनतक्रार घेतो. त्याच्या लेखी तो कागद बहामनींच्या काळातला.

तिसरा मुद्दा कार्यसंस्थांच्या थराचा. हल्ली दुय्यम निबंधकाकडं खरेदीखत नोंदलं की त्याची माहिती ई-फेरफारमध्ये, म्हणजे जमिनीच्या हक्कातले बदल नोंदवणाऱ्या प्रणालीत, आपोआप येते. लोकांना वाटतं आता सातबारा लगेच बदलला पाहिजे. तसं नसतं. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 150 खाली फेरफाराची नोंद धरायची, हितसंबंधितांना नोटीस द्यायची, हरकतीसाठी 15 दिवस थांबायचं, मग मंडळ अधिकारी प्रमाणित करतो. हे थांबणं बिघाड म्हणून पुस्तिकेत येऊ देऊ नका. सख्ख्या भावाला न विचारता विकलेलं रान याच 15 दिवसांत उघडकीला येतं. प्रणालींचा वेग कितीही असो, हरकत घ्यायला माणसाला वेळ लागतो.

उलट बाजूही आहे. डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा 15 रुपयांत निघतो, त्यावर वेगळ्या सही-शिक्क्याची गरज नाही. मी निवृत्त झाल्यावर तो घेऊन एका बँकेत गेलो, तर समोरचा म्हणाला, "काका, तलाठ्याचा शिक्का मारून आणा." आयुष्यभर शिक्के मारले, तिथं निमूट बसलो. कायदा झाला, तंत्र झालं, टेबल राहिलं. याला तुमच्या जोडणी-जुळणीत कुठं बसवता, मॅडम?

मुनीम, आडत दुकान, लातूर:

साहेबांच्या प्रश्नाचं उत्तर आमच्या वहीत आहे. 'मेळ'. रोजमेळ लिहिणारा माणूस हा शब्द शिकवायची वाट बघत नाही. जमा एकीकडं, नावे एकीकडं, आणि गल्ल्यातली रोकड तिसरीकडं; तिन्ही वेगवेगळी राहूनही एकमेकांना धरून असली की मेळ बसला. न बसला तर दुकानाला कुलूप लागत नाही, कितीही वाजू द्या. मॅडम म्हणाल्या तसं एकत्र काहीच करायचं नसतं, पण परस्परांना खोटं पाडायचंही नसतं.

आता आमचा रोजचा मेळ सांगतो. पाच कोटींच्या वर उलाढाल असली की व्यापारी ते व्यापारी बिलाला ई-इन्व्हॉइस लागतं, हे 1 ऑगस्ट 2023 पासून. आपल्या सॉफ्टवेअरमधून बिल ठरलेल्या साच्यात सरकारी पोर्टलला जातं, तिथून 64 अक्षरांचा क्रमांक आणि क्यूआर परत येतो. आपलं सॉफ्टवेअर कोणत्याही कंपनीचं असो, पोर्टलला घेणं नाही. साचा तोच पाहिजे. सोयाबीनचा एचएसएन, म्हणजे मालाचा ठरलेला संकेतांक, 1201. ऑईल मिलवाल्याच्या संगणकात तेच, जीएसटीवाल्यांच्या संगणकात तेच. कुणी सोयाबीन म्हणो, कुणी सोया, कुणी नुसतं बीन, भांडण संपलं.

भांडण राहिलं ते मापाचं. आम्ही बोलतो कट्ट्यात. पोर्टलला कट्टा माहीत नाही, त्याच्या यादीत क्विंटलला 'क्यूटीएल', किलोला 'केजीएस', पोत्याला 'बीएजी'. नव्या पोरानं 200 कट्टे म्हणून 'बीएजी' निवडलं, पोर्टलनं घेतलं, क्रमांकही दिला. मिलवाल्याच्या काट्यावर मात्र क्विंटल. एका कट्ट्यात किती किलो, हे या बिलात कुठंच नाही, आणि कट्टा काय सगळीकडं सारखा भरत नाही. मग दिवसभर फोनाफोनी. जोडणी होती, जुळणीही दिसायला होती, मेळ बसला नाही. म्हणून म्हणतो, अखेरचा शब्द मेळ.

पत्रकार, धाराशिव:

मेळ गोड आहे, पण 'मेळावा' आणि 'मेळा' डोक्यात येतात. शिवाय इंटरऑपरेबिलिटी हा गुण आहे, मेळ ही झालेली गोष्ट. "या प्रणालीत मेळ आहे" म्हटलं तर आतल्या आतच सगळं ठीक आहे असा अर्थ लागतो.

जाता जाता आमच्या जिल्ह्याची हकीकत. 2023 साली औरंगाबादचं छत्रपती संभाजीनगर आणि उस्मानाबादचं धाराशिव झालं. गाड्यांच्या पाट्यांवर एमएच-20 आणि एमएच-25 होतं तसंच राहिलं, कारण तिथं नाव नव्हतंच, क्रमांक होता. पंचायती राज मंत्रालयाच्या स्थानिक संस्थांच्या सूचीतही प्रत्येक जिल्ह्याला, तालुक्याला, गावाला क्रमांक असतो. ज्या प्रणाली एकमेकींशी क्रमांकानं बोलतात त्यांना नामांतराचं ओझं झालं नाही. ज्या नावानं बोलतात तिथं एका यादीत उस्मानाबाद, दुसरीत धाराशिव. नामांतरावर कुणाचं काय मत असेल ते असो, पण जिल्हा ओळखायला नाव वापरणाऱ्या प्रोग्रामरला चार गोष्टी सुनावायला कुणाचीच हरकत नसावी.

प्राध्यापिका, नांदेड:

गुणवाचक नामाचा आग्रह सोडला तर? इंग्रजीत नाम लागतं म्हणून मराठीतही नामच का? मराठी क्रियापदात सुखी असते. 'आवश्यक आहे' हे शेपूटही जाईल. मेळ बसतो, मेळ घालतात, मेळ राखतात. यातल्या 'घालतात'मध्ये कर्ता येतो, म्हणजे कुणीतरी जबाबदार आहे हे वाक्यातच दिसतं. धाराशिवकरांची शंका मात्र खरी आहे, म्हणून 'परस्पर मेळ' म्हणा. 'ताळमेळ'ही आहे, पण तो बहुतेक वेळा 'नाही'लाच चिकटून येतो.

भाषांतरकार, छत्रपती संभाजीनगर:

मग नमुन्याचं वाक्य असं करते: "भूमी अभिलेख, दस्त नोंदणी आणि पीक विमा या प्रणाली वेगवेगळ्या राहतील, पण त्यांचा परस्पर मेळ बसला पाहिजे." पुढे तंत्राच्या प्रकरणात 'जोडणी', नावं-मापं-सालांच्या प्रकरणात 'जुळणी'. साहेबांचा शिक्क्याचा प्रसंग कार्यपद्धतीच्या प्रकरणात घेते, बँकेचा उल्लेख न करता. 'आंतरपरिचालनीयता' परिशिष्टात एकदाच, शासन निर्णयांत भेटली तर ओळखू यावी म्हणून.

सेवा केंद्र चालक, परभणी जिल्हा:

झकास. फक्त ताई, जुळणीच्या प्रकरणाच्या मथळ्यात 'मिसमॅच' हा शब्दही राहू द्या. स्क्रीनवर लाल अक्षरात तोच येतो, पोरगं पुस्तिकेत तोच शोधणार.

मुनीम, लातूर:

आणि कट्ट्याचं वजन किलोत लिहायला एक रकाना द्या म्हणावं.