नेस्कोचे २००४चे फोटो कुणाकडे आहेत?

बी ४०२ : नमस्कार मंडळी. जानेवारी २००४मध्ये आपल्या गोरेगावात, नेस्कोच्या मैदानावर वर्ल्ड सोशल फोरम, म्हणजे जगभरच्या चळवळी आणि संघटनांचा मेळावा, भरला होता, १६ ते २१. तिथले फोटो, पत्रकं, बिल्ले, जे असेल ते द्या. स्कॅन करून परत करतो. इराकवरच्या हल्ल्याला वर्षही झालं नव्हतं आणि युद्ध नको म्हणणारी जगभरची माणसं आपल्या दारात आली होती. हे जपायलाच हवं.

सी १०३ : माझ्याकडे एक अख्खा रोल आहे. काय वातावरण होतं! शेडमध्ये भाषणं चालायची आणि बाहेर धुळीत ढोल. आदिवासी, दलित संघटना, तिबेटी, भूतानचे निर्वासित, सगळे आपापले फलक घेऊन फिरत होते.

ए ७०१ : पण काका, नेटवर आहेच की. इराणच्या नोबेलवाल्या शिरीन एबादी, लेखिका अरुंधती रॉय यांच्या भाषणांबद्दल भरपूर सापडतं.

बी ४०२ : व्यासपीठावरचं सापडतं रे. फोरमच्या सनदेप्रमाणे फोरमच्या नावाने कुणी ठराव करत नाही. युद्धाविरुद्धची निवेदनं ज्या त्या संघटनेची. म्हणजे तिथे काय बोललं गेलं ते या सुट्या कागदांतच आहे, आणि ते रद्दीत चाललेत.

ए ७०१ : बाबांच्या फायलीत ‘मुंबई रेझिस्टन्स’ची, म्हणजे तेव्हाच हायवेपलीकडे भरलेल्या वेगळ्या मेळाव्याची पत्रकं आहेत. त्यात फोरमवरच टीका आहे, ती नको असतील ना?

बी ४०२ : हवीतच! युद्धाला विरोध त्यांचाही होता, भांडण मार्गावरून होतं. ती वगळली तर आपण खोटं चित्र ठेवू.

डी २०५ : गर्दीचा आकडा काय लिहिणार? कुणी ७५ हजार म्हणतं, कुणी लाखाच्या वर.

बी ४०२ : आपण एक ठरवायचा नाही. ज्या पेपरात जो छापला तो, पेपरचं नाव आणि तारखेसकट.

डी २०५ : आणि निर्वासितांच्या फोटोखाली नावं नकोत. घरची माणसं मागे राहिलेली असतात त्यांची.

बी ४०२ : अगदी बरोबर ताई. जवळून घेतलेले चेहरे विचारल्याशिवाय कुठेच टाकायचे नाहीत.

सी १०३ : प्रिंटचे फोटो काढून इथे ग्रुपवर टाकू का?

बी ४०२ : नको काकू, इथे टाकलं की बारीक अक्षर पुसट होतं, फलक वाचता येत नाहीत. प्रिंट आणि निगेटिव्ह दोन्ही द्या. मागे पेनाने काही लिहिलं असेल तर तीही बाजू स्कॅन करू.

सी १०३ : संध्याकाळी नातवाकडून पाठवते. शेवटच्या दिवशीचे आझाद मैदानावरचे फोटोही त्यातच आहेत.