पु.लं.च्या कार्यक्रमांत त्यांचं संगीत कुठे असतं?

नौपाडाकर
नोव्हेंबर जवळ आला की ठाण्यात पु. ल. देशपांड्यांच्या नावाने कार्यक्रमांची रांग लागते. 8 नोव्हेंबर 1919 हा त्यांचा जन्मदिवस. रंगायतन असो, घाणेकर असो, नाहीतर एखाद्या वाचनालयाचा हॉल. आत गेलं की 'म्हैस', 'अंतू बर्वा', 'नारायण'. मलाही ते पाठ आहेत आणि अजूनही आवडतात. पण या माणसाने चाली दिल्या होत्या हे निवेदकाच्या एका वाक्यापलीकडे कुठेच येत नाही, याचा मला मनापासून राग येतो.

1953 चा 'गुळाचा गणपती' घ्या. कथा, पटकथा, संवाद, दिग्दर्शन, संगीत आणि मुख्य भूमिका, सगळं एकट्याचं. त्यातलंच 'इंद्रायणी काठी'. शब्द गदिमांचे, आवाज भीमसेन जोशींचा, राग भीमपलास. आज ते देवळात, वारीत गायलं जातं आणि गाणाऱ्यांपैकी कितीतरी जणांना तो जुन्या संताचा अभंगच वाटतो. चित्रपटासाठी बांधलेली चाल लोकांनी अभंग म्हणून स्वीकारावी, यापेक्षा मोठी पावती कोणती? आणि त्याच वर्षी 'देवबाप्पा'त आशा भोसल्यांकडून 'नाच रे मोरा'! बालवाडीतलं पोर एकदा ऐकून उचलतं ते. समाधीपुढची आळवणी आणि मोराचं नाचणं एकाच वर्षात एकाच माणसाला सुचतं, आणि आपण मात्र त्याला फक्त विनोदी लेखक करून ठेवलंय.

वाशीकर
राग समजतो, पण मुद्दा पटत नाही. संगीतकाराचा विचार त्याच्या एकूण कामावरून करायला हवा. सुधीर फडके, श्रीनिवास खळे यांनी आयुष्य चालींना दिलं. पु.लं.च्या चाली सुंदर आहेत, पण मोजक्या. 'गुळाचा गणपती'नंतर ते चित्रपटातून जवळजवळ बाहेरच पडले. 1992 साली 'एक होता विदूषक'ची पटकथा त्यांनी लिहिली, तेव्हा संगीत आनंद मोडकांचं होतं. पेटी बाजूला ठेवून लेखणी हातात घ्यायचा निर्णय त्यांचा स्वतःचा होता. 'व्यक्ती आणि वल्ली'ला साहित्य अकादमी मिळाली 1965 साली. लोक त्यांना लेखक म्हणून आठवतात यात अन्याय कसला?

पेटीवाली
"पेटी बाजूला ठेवून" हे साफ चूक आहे, वाशीकर. पेटी त्यांच्यापासून कधीच सुटली नाही. वसंतराव देशपांड्यांच्या मैफलीत साथीला बसलेले पु.ल. लोकांनी पाहिले आहेत. आणि 'शब्दावाचून कळले सारे', 'माझे जीवनगाणे' ही काय चित्रपटगीतं आहेत? शब्द पाडगावकरांचे, गळा अभिषेकींचा, चाल पु.लं.ची. शास्त्रीय बैठकीचा गवई भावगीत गातोय, तरी शब्द तानेखाली दबत नाहीत. ही चाल बांधणाऱ्याची करामत. कवीची ओळ कुठे सोडायची आणि गळ्याला कुठे मोकळं करायचं, हे ज्याला दोन्ही बाजू कळतात त्यालाच जमतं.

आणखी एक. 1940 ते 1971 आकाशवाणीवर पेटीला बंदी होती. पु.ल. 1955 साली आकाशवाणीत नोकरीला लागले. जिच्यावर जीव, तेच वाद्य कामाच्या जागी निषिद्ध. हे आपल्याकडच्या एकाही कार्यक्रमात मी ऐकलेलं नाही, आणि सांगायला पाच मिनिटंही लागत नाहीत.

ऐरोली नाका
आयोजकांची बाजू सांगतो. आमच्या सोसायटीच्या दिवाळी पहाटेला आम्ही पु.लं.ची गाणी ठेवली होती. गायिका चांगली होती, पण वादक परवडेनात म्हणून तयार ट्रॅक लावला. 'इंद्रायणी काठी'ला तिला थांबायचं होतं तिथे ट्रॅक पुढे निघून गेला. ती धावत त्याला गाठत राहिली आणि भजनाचा सगळा प्राण गेला. तेव्हापासून माझं मत पक्कं आहे: तबला-पेटी जिवंत नसेल तर ही गाणी करू नयेत. वाचनाला एक खुर्ची आणि एक माइक पुरतो, म्हणून सगळीकडे वाचन होतं. संगीताचा कुणाला दुस्वास नाही हो.

नौपाडाकर
पैशांची अडचण खरी, मान्य. पण नाटकाच्या तिकिटाला आपण शेकडो रुपये मोजतोच ना? पाच गाण्यांना तबलजी आणि पेटीवादक, दोनच माणसं लागतात. ठाण्यात गाण्याचे क्लास गल्लोगल्ली आहेत, त्यांची मुलं आनंदाने येतील.

आणि वाशीकर, संख्येचं म्हणाल तर 'कबीराचे विणतो शेले' एकदा माणिक वर्मांच्या आवाजात ऐका. 1950 चं, 'देव पावला'मधलं. थोड्या चालींतल्या इतक्या चाली सत्तर वर्षं टिकतात, तेव्हा मोजमाप कशाचं करायचं? शिवाय लेखक आणि संगीतकार असे दोन पु.ल. तुम्ही वेगळे काढताय ते कसे? 'रावसाहेब' गाण्याच्या वेडाशिवाय लिहिता आला असता का? 'बटाट्याची चाळ'मधली 'संगीतिका' कानांत नाट्यसंगीत मुरलेलं असल्याशिवाय सुचली असती का? हल्ली वाचनात नेमके गाण्याबजावण्याचे तुकडे कापतात, कारण वाचणाऱ्याला सूर लावता येत नाही. नुसता हशा शिल्लक राहतो.

वाशीकर
तुकडे कापू नयेत, इथे मी तुमच्याबरोबर आहे. पण त्यावरचा उपाय म्हणून मध्ये पेटी आणून बसवणं मला नको. 'रावसाहेब' शेवटी जिथे नेऊन सोडतो, तिथे पोचायला सलग वाचन लागतं. मध्येच गाणं आलं, टाळ्या पडल्या, की श्रोता लेखातून बाहेर पडतो आणि पुन्हा आत येत नाही. वाशीला भावे नाट्यगृहात मी असे मिश्र कार्यक्रम पाहिलेत, दोन्हींचं नुकसान होतं. गाण्यांची स्वतंत्र संध्याकाळ करा, वाचन न ठेवता. तिकीट काढून येईन.

पेटीवाली
मग तसंच करू या. तारीख मात्र नोव्हेंबरची नको, तेव्हा सगळे हॉल भरलेले असतात. 12 जूनला, स्मृतिदिनाला करू. ऐरोली नाका, तुमच्या त्या गायिकेला विचारा. पेटीवर मी बसते.