मदत हवी आहे: गंगापूर धरणाजवळ दोन खोल्या पाहुण्यांना द्यायच्यात

नमस्कार मंडळी. आमचं शेत नाशिकच्या गंगापूर धरणाच्या बाजूला. सुला या वाइन कंपनीने 2005 साली इथे टेस्टिंग रूम उघडली तेव्हा वडील हसले होते, "वाइन चाखायला इतक्या लांब कोण येणार?" आता जानेवारी ते मार्च, द्राक्षतोडणीच्या दिवसांत, शनिवार-रविवारी रस्त्यावर सगळ्या मुंबई-पुण्याच्या गाड्या. शेजाऱ्यांची मिसळ त्यावरच खपते.

आम्हालाही घरातल्या दोन खोल्या न्याहारीसकट द्यायच्यात. पर्यटन खात्याच्या 'निवास व न्याहारी' योजनेत कुणी नोंदणी केली आहे का? ग्रामपंचायतीचा ना-हरकत दाखला आधी घेतलात की नंतर? खरी धास्ती एप्रिल-मेची, उन्हाळ्यात खोल्या कशा भरता? आणि पाहुण्यांनी बाटली सोबत आणली तर काय करता? आईचा सगळा विरोध तिथेच अडलाय.