ऑर्तेझचा क्लब पोने पळवला की वाचवला?

बेआर्नकरीण

काल 'पोचा प्रवासी' यांनी इथे लिहिलं : "दहा-अकरा हजार वस्तीच्या ऑर्तेझला एवढा मोठा बास्केटबॉल क्लब पोसणं जमणारच नव्हतं. १९८९मध्ये पो शहराने उचलून नेला म्हणून वाचला. ऑर्तेझवाल्यांनी आता रडगाणं बंद करावं."

तुमचं दोन ओळींत उरकलं, माझं नाही उरकणार. (ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी : पो आणि ऑर्तेझ, दोन्ही नैऋत्य फ्रान्सच्या बेआर्न प्रांतातली.) नवऱ्याच्या ऑर्तेझजवळच्या लाकमधल्या नोकरीमुळे मी ऑर्तेझला सात वर्षं काढलीत.

तिथे 'मुतेत' नावाचा बाजाराचा हॉल आहे. (ज्यांना हसायचंय त्यांनी आत्ताच हसून घ्या, हे नाव पुढे बऱ्याचदा येणार आहे.) थंडीत मंगळवारी तिथे बदकं आणि बदकांची यकृतं विकायला येतात. याच छपराखाली हा क्लब, एलाँ बेआर्ने, खेळायचा. त्याचा बास्केटबॉल १९३१पासूनचा. १९८४मध्ये पॅरिसच्या अंतिम सामन्यात बेलग्रेडच्या रेड स्टारला ९७-७३ असं धुऊन कोराच कप ही युरोपातली स्पर्धा जिंकली. १९८६ आणि ८७ला फ्रान्सचे विजेते. ८६-८७च्या मोसमात युरोपच्या शेवटच्या सहा संघांत मिलान, मक्काबी, रेआल माद्रिद, झाल्गिरिस, झादर आणि ऑर्तेझ! यातल्या बाकीच्या पाचांची शहरं नकाशात शोधावी लागत नाहीत.

आमच्या घरमालकीणबाई तेव्हा पंचाहत्तरीच्या. एकदा बाजारात छत्रीच्या टोकाने फरशीवर रेघ ओढून म्हणाल्या, ही बाजूची रेषा आणि ही माझी खुर्ची. खेळाडू चेंडू आत टाकायला आला की त्याचा घाम माझ्या मांडीवर पडायचा. त्या जागी तेव्हा एक बाई बदकांचे गळे दाबून पाहत होती.

आणि हे पहिल्यांदा झालेलं नाही. बेआर्नची राजधानी ऑर्तेझ होती. चौदाव्या शतकातला इथला सत्ताधीश गास्तों फेब्यूस, त्याचा दरबार तिथला. बखरकार फ्र्वासार १३८८मध्ये आला तोही तिथेच. मध्यरात्री बारा मशाली पुढे धरून फेब्यूस जेवायला यायचा असं फ्र्वासारने लिहून ठेवलंय. मग १४६४मध्ये राजधानी उचलली आणि पोला नेली. सव्वापाचशे वर्षांनी क्लबही नेला. तुम्ही म्हणता रडगाणं. ज्याचं दोनदा गेलं त्यानेच रडायचं असतं.

पोचा_प्रवासी

ताई, आधी एक. तुम्ही १४६४पर्यंत मागे गेलात, तर आणखी दोनशे वर्षं मागे जायला काय हरकत होती? ऑर्तेझच्या आधी राजधानी मोर्लास होती. तिथून ती ऑर्तेझला नेली सातव्या गास्तोंने, तेराव्या शतकात. ज्या मोंकाद बुरुजाचे फोटो तुम्ही टाकत असाल तो त्याचाच. म्हणजे ऑर्तेझने पळवली तर राज्यकारभार आणि पोने पळवली तर दरोडा? मोर्लासवाले कुठे रडताना दिसले नाहीत मला.

आता बास्केटबॉल. फ्रान्सची एकूण नऊ जेतेपदं, त्यातली दोन ऑर्तेझात असताना आणि सात पोला गेल्यावर. १९९१मध्ये उघडलेल्या पोच्या हॉलमध्ये, पॅले द स्पोरमध्ये, साडेसात हजारांवर लोक बसतात. खेळाडू बघा : रिगोदो आला, पिएत्रुस भाऊ आले, बोरिस दियाव इथूनच अमेरिकेच्या एनबीएत अटलांटाला गेला. बदकांच्या बाजारातून हे झालं असतं? मी २००३ ते २००५ पोला शिकत होतो, २००४चं जेतेपद डोळ्यांनी पाहिलंय. घरमालकिणीच्या गप्पांवर इतिहास लिहायचा असेल तर लिहा.

नुसता_वाचक

मध्येच विचारतो, हा बास्क लोकांचा क्लब ना? ते गोल चपट्या टोपीवाले?

बेआर्नकरीण

देवा. नाही हो. बेआर्न वेगळा, बास्क प्रदेश वेगळा. भाषा वेगळी, इतिहास वेगळा. १७९०मध्ये दोघांना एका जिल्ह्यात कोंबलं, एवढाच संबंध. आणि ती टोपीसुद्धा बास्क नाही! बेरे ही बेआर्नच्या मेंढपाळांची. आजही कारखाना ओलोरॉनला आहे, १८४०पासूनचा. बेरेचं संग्रहालय नाय गावात काढलं. (गावाचं नावच नाय. म्हणजे आहे.)

बायोनची_सून

बेरेवरून आमच्यावर चोरीचा आळ घ्यायचा नाही. सासर बास्क आहे म्हणून सांगते, आमच्याकडे अजून पेलोटा (भिंतीवर चेंडू मारायचा खेळ) स्पर्धेतल्या विजेत्याला बेरेच घालतात. तुमच्या ओलोरॉनला लोकर विणत असतील, पण जगभर डोक्यावर कोणी नेली? जगात 'बेरे बास्क' म्हणतात. 'बेरे बेआर्ने' म्हणून बघा कोणी वळून पाहतं का.

बेआर्नकरीण

हेच तर म्हणतेय मी! बनवायचं एकाने, नाव दुसऱ्याचं. हॅमचं तेच. बायोन हॅम म्हणून जग खातं, आणि त्याचं नामांकित मीठ कुठलं? सालिस-द-बेआर्नचं, ऑर्तेझच्या बाजूचं.

बायोनची_सून

बंदर बायोनला होतं, म्हणून नाव बायोनचं. माल ज्या बंदरातून जातो त्याचं नाव लागतं, जगभर असंच आहे. मग लोण्याच्या बेआर्नेज सॉसबद्दल का गप्प? तो तर पॅरिसजवळ सां-जेर्मेंच्या हॉटेलात जन्मला. बेआर्नमध्ये लोणी कोण वापरतं, सगळं बदकाच्या चरबीत. फुकट मिळालेल्या नावाबद्दल कधी तक्रार केलीत?

पोचा_प्रवासी

हा हा. सॉसवर उत्तर येऊ द्या ताई.

बेआर्नकरीण

सॉस आम्ही मागितला नव्हता. घेऊन जा परत.

लाकवाला

तुमचं टोपीपुराण आवरलं असेल तर जरा पैशांवर बोलू. 'गरीब बिचारं ऑर्तेझ' ही कहाणी मला झेपत नाही. डिसेंबर १९५१मध्ये लाकला गॅस लागला, ऑर्तेझपासून गाडीने वीस-पंचवीस मिनिटांवर. त्यात हायड्रोजन सल्फाइड पंधरा टक्क्यांच्या आसपास. साधं पोलाद तडकायचं. टिकणारं पोलाद बनवायलाच काही वर्षं गेली, गॅस विकायला सुरुवात झाली १९५७मध्ये. पुढे शेजारच्या मुरेंक्सचं दोनेकशे वस्तीचं खेडं काही वर्षांत शहर झालं. गॅसच्या करावर आसपासच्या नगरपालिका गबर झाल्या. पैसा त्याच दरीत होता, पोला नव्हता. तेव्हा 'परवडत नव्हतं' हे प्रवासींचं म्हणणं मला अर्धवट वाटतं.

आणि कृपा करून 'लाकला अंडी नासल्यासारखा वास यायचा' हे कोणी लिहू नका. मी अकरा वर्षं तिथे काम केलंय. २०१३ला बंद झालं तेव्हा माणसं गेटवर उभी राहून रडली. वासासाठी नाही रडली.

पोचा_प्रवासी

लाकचा पैसा लाकचा आणि मुरेंक्सचा. ऑर्तेझच्या तिजोरीत किती आला ते सांगा. शेजाऱ्याच्या घरी दूध उतू गेलं म्हणून आपल्या घरी खीर होत नाही.

लाकवाला

मग जर्सीवर नाव कसं चढलं? पुढे क्लबचं नाव 'पो-लाक-ऑर्तेझ' झालंच ना. जगातला बहुधा एकमेव संघ ज्याच्या नावात गॅसची विहीर आहे. पैसे द्यायची वेळ आली की लाक आठवतं.

बेआर्नकरीण

ते नाव वाचून मला काय वाटायचं सांगू? लग्नानंतर बाईचं माहेरचं आडनाव मागे लटकवून ठेवतात ना, तसं ते 'ऑर्तेझ' शेवटी. हाक मारताना कोणी घेत नाही.

पोचा_प्रवासी

आडनावांचं दुःख इथे आणू नका. मुद्दा साधा आहे. लिमोजच्या संघाने १९९३मध्ये आथेन्सला इटलीच्या ट्रेविजोला ५९-५५ने हरवून युरोपचा कप आणला. लिमोज सव्वा लाखांचं शहर. १९८७नंतर युरोपात टिकायचं तर हॉल हवा, तिकिटं हवीत, टीव्ही हवा. मुतेतमध्ये काय, बदकं सरकवून कॅमेरे लावणार होते?

बेआर्नकरीण

फ्रान्सातलं शोले शहर बघा. लिमोजच्या निम्मंसुद्धा नाही, तिथला क्लब गाव सोडून कुठे गेला नाही, २०१०ला फ्रान्सचा विजेता झाला. तुमचा रिगोदो तिथलाच. आणि पोच्या मोठ्या हॉलने काय दिवे लावले? २००९मध्ये खालच्या लीगमध्ये घसरले. साडेसात हजार खुर्च्या आणि दुसरी श्रेणी! मी होते तेव्हा तिथे.

पोचा_प्रवासी

एका वर्षात वर आले ते नाही सांगितलंत. शोले ऑर्तेझच्या चार-पाच पट आहे हेही नाही सांगितलंत. सोयीचं तेवढं घ्यायचं आणि बाकीचं ताटाखाली सरकवायचं.

बेआर्नकरीण

तुम्ही पोला दोन वर्षं होतात, तीही वसतिगृहात. ऑर्तेझला किती वेळा उतरलात? खरं सांगा.

पोचा_प्रवासी

दोनदा. एकदा झोप लागली म्हणून.

लाकवाला

हे प्रामाणिक उत्तर आवडलं.

बायोनची_सून

एक बाजू सुटतेय तुमची सगळ्यांची. हा खेळ तिथे रुजला कसा? आपण रग्बीचा मुलूख म्हणतो, पण ऑर्तेझच्या वरच्या अंगाला शालोस भागात जा, चर्चच्या मागे रिंग नाही असं खेडं दाखवा. पाद्र्यांनी पोरांना गुंतवायला क्लब काढले. खेळाडू खेड्यातून येत होते, शहरातून नाही. माझ्या सासऱ्यांची आई तिकडची, तीसुद्धा खेळायची. घागरा खोचून.

बेआर्नकरीण

बघा, टोपी सोडली की तुमच्याशी पटतं.

बायोनची_सून

टोपी मी सोडलेली नाही.

पोचा_प्रवासी

ठीक. खेड्यांचं मान्य. आता माझं ऐका. पॅलेमध्ये माझ्या शेजारी एक आजोबा बसायचे. दर सामन्याला ऑर्तेझहून चाळीसेक किलोमीटर यायचे, कागदात गुंडाळलेला पाव-हॅम सोबत. दोन वर्षांत त्यांच्या तोंडून 'पो' शब्द ऐकला नाही. 'एलाँ' म्हणायचे फक्त. मी विचारलं, तुमच्या गावाचा संघ यांनी नेला, राग नाही येत? म्हणाले, नाव वाच, एलाँ बेआर्ने. ऑर्तेझात होता तेव्हाही 'बेआर्ने'च होतं. तेव्हा ताई, मालकी कोणाची हे नावातच लिहिलंय. बेआर्नची. ऑर्तेझने त्यावर सातबारा कधी काढला?

बेआर्नकरीण

मुद्दा चांगला आहे. राग येतोय इतका चांगला आहे.

पण मालकीचीच भाषा काढलीत म्हणून. सालिसच्या खाऱ्या झऱ्यावर हक्क तिथल्या कुटुंबांचा, सामायिक, १५८७पासून लेखी. त्या मुलखात सामायिक म्हणजे काय हे लोकांना कळत होतं. क्लब हलवताना ऑर्तेझच्या लोकांना कोणी विचारलं का? पोचा महापौर लाबारेर, १९७१ ते २००६ खुर्चीवर, स्वतः मंत्री राहिलेला. आमचा महापौर कोण होता हे तुम्ही शोधल्याशिवाय सांगू शकणार नाही. तिथेच निकाल लागला.

त्याच सालिसमध्ये रानडुकराची गोष्ट आहे. जखमी डुक्कर चिखलात जाऊन मेलं, सापडलं तेव्हा अंगावर मीठ, त्यावरून झरा कळला. मरताना ते म्हणालं म्हणतात, "मी इथे मेलो नसतो तर इथे कोणी जगलं नसतं." गावाच्या चौकात कोरलंय ते. ऑर्तेझने हे वाक्य पोला पाठवायला हवं.

पोचा_प्रवासी

म्हणजे ऑर्तेझ डुक्कर. हे तुम्ही म्हणालात, मी नाही.

बेआर्नकरीण

असली मस्करी करू नका. तिथे माझी माणसं आहेत.

लाकवाला

अहो प्रवासी, एवढं कशाला. आणि ताई, फेब्यूसची थोरवी गाताना त्याच ऑर्तेझात त्याने पोटचा एकुलता औरस मुलगा मारला हेही घ्या पदरात. १३८०. क्लब निदान जिवंत तरी गेला.

नुसता_वाचक

मी फक्त टोपीचं विचारलं होतं.

पोचा_प्रवासी

डुकराचं मागे घेतो. बाकी एक शब्द नाही. सातास दोन.

बेआर्नकरीण

घेतलंत ते बरं केलंत. आता माझंही एक सांगून टाकते, नाहीतर लाकवाले काढतीलच, त्यांनी मला त्या गाडीत पाहिलेलं असणार. मी पोला जाऊन सामने पाहिलेत. एकदा नाही, बऱ्याचदा. शनिवारी संध्याकाळची गाडी, परत येताना मध्यरात्र. हॉल चांगलाच आहे. खुर्चीवरून सगळं दिसतं, घाम मात्र अंगावर पडत नाही.

घरमालकीणबाईंना दर वेळी विचारायचे, चला. कधीच आल्या नाहीत. क्लब गेल्यावर त्यांनी पोच्या हॉलात कधी पाऊल टाकलं नाही. पण मी परत आले की जिन्यावरचा दिवा चालू असायचा.

पोचा_प्रवासी

स्कोर विचारायला?

बेआर्नकरीण

हो.

पोचा_प्रवासी

काय म्हणायच्या? "पोचे किती?"

बेआर्नकरीण

"आपले किती?"

लगेच हुरळू नका.

पोचा_प्रवासी

मी काही बोललोच नाही.

बायोनची_सून

बेरेचं मात्र अजून ठरलेलं नाही.