मुलगी बारावीला आहे, बोलायला गेलं की गप्प. ऐकून घ्यायचं म्हणजे नक्की काय करायचं?

सिडकोकर_पप्पा

नमस्कार मंडळी. राहायला सिडकोत, त्रिमूर्ती चौकाच्या मागे. अंबड एमआयडीसीत क्वालिटीला आहे, 17 वर्षं झाली. मुलगी बारावी सायन्स, पीसीबी ग्रुप (फिजिक्स, केमिस्ट्री, बायो). कॉलेज रोडला क्लास लावलाय. फी विचारू नका, कंपनीच्या सोसायटीतून कर्ज काढलंय.

दहावीला 91 टक्के. अकरावीच्या दिवाळीपर्यंत पोरगी स्वतःहून पहाटे उठायची. मी फर्स्ट शिफ्टला निघायचो तेव्हा तिचा दिवा चालू असायचा. आता पुस्तक उघडं असतं, पण तासाभराने बघावं तर पान तेच. मोबाइल म्हणाल तर तोही फार नाही. नुसती बसून असते.

मागच्या आठवड्यात सीईटीच्या (राज्याच्या प्रवेश परीक्षेच्या) पॅटर्नची टेस्ट झाली. बायोला 100 पैकी 81, केमिस्ट्रीला 50 पैकी 33, फिजिक्सला 14. सीईटीला निगेटिव्ह मार्किंग नाही. चार पर्याय, 50 प्रश्न, डोळे मिटून गोळे काळे केले तरी बारा-तेरा पडतात. हे मी तिला बोलून दाखवलं. नको होतं बोलायला, पण तोंडातून गेलं.

आमच्या कंपनीत पार्ट रिजेक्ट झाला की 'फाइव्ह व्हाय' करतात. टोयोटावाल्यांची पद्धत आहे, पाच वेळा 'का' विचारत गेलं की मूळ कारणापर्यंत पोहोचता येतं. परवा जेवताना मी तेच केलं. का कमी पडले? "पेपर अवघड होता." मग बाकीच्यांना का नाही गेला अवघड? "माहीत नाही." का माहीत नाही? तिसऱ्या 'का'ला ताट उचलून आत गेली.

बायको म्हणते, तुम्ही तिचं ऐकून घेत नाही. मी म्हणतो, ऐकायला ती बोलली तर पाहिजे ना! ज्यांच्या घरी हे झालंय त्यांनी सांगा.

कडक_शिस्त

मोबाइल काढून घ्या, टाइमटेबल भिंतीला लावा. आमच्या वेळी बापाचा नुसता खाकरा ऐकला तरी पोरं अभ्यासाला बसायची.

सिडकोकर_पप्पा

बसतेच आहे हो ती. बसण्याचा प्रॉब्लेम नाही.

दुसऱ्यांदा_नीट

काका, मी ड्रॉप घेतलेला (मेडिकलच्या नीट परीक्षेसाठी एक वर्ष थांबलेला) मुलगा आहे, त्यामुळे तुमच्या मुलीच्या बाजूने बोलतो. माझे पप्पा रोज रात्री विचारायचे, "आज काय केलं?" त्यांना वाटायचं हे बोलणं आहे. मला ती हजेरी वाटायची. मी ठरवून दोन चॅप्टरची नावं सांगायचो, ते खूश, मी मोकळा. पूर्ण वर्षभर त्यांना खोटं सांगितलं आणि नीटचा निकाल लागला तेव्हा दोघांचं तोंड बघण्यासारखं होतं. 720 पैकी किती पडले ते इथे लिहीत नाही.

एक विचारतो, राग मानू नका. तुमच्या क्लासचा पालकांचा व्हॉट्सॲप ग्रुप आहे का? त्यावर टेस्टची यादी येते का, नावासकट रँक लावून? ती यादी तुम्ही पुढे कुठे पाठवता?

पंचवटीच्या_बाई

ज्युनिअर कॉलेजला 29 वर्षं गणित शिकवलं. निवृत्तीनंतर समुपदेशनाचा कोर्स केला, आता आठवड्यातून दोन दिवस मुलांशी बोलते. बोलते म्हणजे बहुतेक वेळ गप्प बसते.

भाऊ, तुमचं 'का' मशीनच्या पार्टला लागू पडतं, कारण पार्टला लाज वाटत नाही. मुलाला "का कमी पडले" विचारलं की त्याला त्यात "तू चुकलीस" एवढंच ऐकू येतं, मग ते सफाई देतं नाहीतर गप्प होतं. त्याऐवजी घडलेलं विचारा. "फिजिक्सचा पेपर हातात आला, पहिला प्रश्न वाचलास, तेव्हा काय झालं?" याला 'माहीत नाही' म्हणता येत नाही, कारण हे तिला माहीत असतंच.

ती जे सांगेल ते तुमच्या शब्दांत तिला परत सांगा आणि थांबा. मनात दहा आकडे मोजा. सहाव्या-सातव्या आकड्याला आपल्याला उपाय सुचतो, जीभ वळवळते. ती दाबायची. खरं बोलणं बहुतेक वेळा त्या दहानंतर येतं. आणि "आमच्या वेळी रॉकेलच्या दिव्याखाली..." हे तर अजिबात नको. (मीही वर्गात म्हणायचे. मुलं जांभया द्यायची.)

तुम्ही कारखान्यातले आहात म्हणून सांगते. असं लक्ष देऊन ऐकायला 'ॲक्टिव्ह लिसनिंग' हे नाव कार्ल रॉजर्स आणि रिचर्ड फार्सन या मानसशास्त्रज्ञांनी 1957 मध्ये दिलं. ते लिखाण शिकागो विद्यापीठाच्या औद्योगिक संबंधांच्या केंद्रासाठी होतं. सुपरवायझरने कामगाराचं म्हणणं कसं ऐकावं, असा तो विषय. म्हणजे गोष्ट तुमच्याच शॉप फ्लोअरवरची आहे.

दुसरं, हे जास्त महत्त्वाचं. झोप उडाली आहे का, जेवण तुटलंय का, मैत्रिणींना भेटायची बंद झाली का, "माझा काही उपयोग नाही" असं बोलते का, याकडे लक्ष ठेवा. तसं काही दिसलं तर नुसतं ऐकून घेण्यावर भागवू नका, डॉक्टरांना दाखवा. टेलिमानस या सरकारच्या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 हा नंबर फुकट आहे, चोवीस तास चालू असतो, मराठीतही बोलतात. पालकांनी फोन केला तरी चालतो.

दिंडोरीचा_बागवाला

बाईंनी लिहिलं ते बरोबर, पण समोर बसवून विचारलं की आमच्याकडची पोरं दगड होतात. हाताला काम असलं की बोलतात. द्राक्षाच्या खरड छाटणीला एप्रिलमध्ये बागेत दोघंच काड्या गोळा करत होतो. पोरगं खाली मान घालून म्हणालं, "आबा, मला सायन्स नाही जमत, डिप्लोमाला टाका." माझ्या एका हातात कात्री, डोक्यावर ऊन, त्यात त्या वर्षी द्राक्षाला भाव नव्हता. मी तिथंच पेटलो. वीस माणसांपुढे बोललो त्याला.

चार महिने पोरगं माझ्याशी कामापुरतं बोललं. शेवटी डिप्लोमालाच टाकलं, वर्ष मात्र गेलं. त्या दिवशी नुसतं "बरं" म्हणालो असतो तरी पुरलं असतं. तुम्ही पोरीला गाडीवर नेता का क्लासला? नेत नसाल तर न्या. गाडीवर तोंड दिसत नाही एकमेकांचं.

सिडकोकर_पप्पा

सगळ्यांचे आभार. सेकंड शिफ्टला निघालोय, करून बघतो आणि लिहितो.

सिडकोकर_पप्पा (तीन आठवड्यांनंतर)

उशीर झाला, ऑडिट होतं कंपनीत.

आधी फजिती सांगतो. बाईंची पद्धत पहिल्याच दिवशी वापरली. ती म्हणाली, "डोकं दुखतंय." मी म्हणालो, "म्हणजे तुझं डोकं दुखतंय असं तुला वाटतंय." ती माझ्याकडे बघतच राहिली. "पप्पा, हे कुठे वाचून आलात?" दोघंही हसलो. बऱ्याच दिवसांनी हसली, तेवढं तरी झालं.

मग बागवाल्या भाऊंचं ऐकलं. सेकंड शिफ्टच्या आठवड्यात सकाळी मीच सोडायला जायला लागलो, नाहीतर ती सिटीलिंकच्या बसने जाते. तीन दिवस काहीच नाही, नुसता हॉर्नचा आवाज. चौथ्या दिवशी उंटवाडीवरून सिटी सेंटर मॉलच्या सिग्नलला थांबलो होतो, तर मागून आवाज आला, "तुम्ही यादी आत्याच्या ग्रुपवर का टाकली होती?"

त्या ड्रॉपवाल्या मुलाने इथे विचारलं तेव्हा मी उत्तर दिलं नव्हतं. कारण पाठवत होतो. अकरावीला पहिल्याच टेस्टला तिचा अकरावा नंबर आला, मी यादीचा फोटो घरच्या ग्रुपवर टाकला, नावाला लाल गोल करून. पुढच्या चार-पाच टेस्टचेही टाकले. नंतर रँक घसरली तसं पाठवणं बंद केलं. पण मी बंद केलं म्हणूनच सगळ्यांना कळलं! आत्या फोन करून विचारायची, "काय गं, यादी नाही आली या वेळी?" हे मला आत्ता कळतंय. सिग्नल सुटला, मागचा रिक्षावाला ओरडला, मी दहा आकडे मोजले की नाही आठवत नाही, पण काही बोललो नाही. कॉलेज रोडपर्यंत तीच बोलत होती.

त्यातून दुसरं निघालं. अकरावीला तिला डेंग्यू झाला होता, पंधरा दिवस घरी होती. मला आठवतो तो डेंग्यू, प्लेटलेटच्या रिपोर्टसाठी पळापळ केली होती. पण त्या पंधरा दिवसांत क्लासला व्हेक्टर संपवले, हे आम्हाला कोणालाच कळलं नाही. बोर्डाच्या अकरावीच्या पुस्तकात दुसरंच प्रकरण आहे ते, गणिती पद्धतींचं. आणि बारावीचं पहिलं प्रकरण काय, तर रोटेशनल डायनॅमिक्स. टॉर्क, अँग्युलर मोमेंटम, सगळीकडे तोच क्रॉस प्रॉडक्ट, म्हणजे व्हेक्टरचा गुणाकार. ती वर्षभर फळ्यावरचं नुसतं उतरवून घेत होती. विचारायची लाज, कारण तोपर्यंत तिची रँक चांगली होती. अकरावीवर सीईटीला साधारण 20 टक्केच प्रश्न येतात म्हणून मीच तिला सांगत होतो, अकरावी सोड, बारावी बघ. मूळ कारण पाचव्या 'का'त नव्हतं, ते मीच होतो थोडाफार.

वरच्या मजल्यावर इंजिनिअरिंगची मुलगी राहते, तिने चार संध्याकाळी व्हेक्टर शिकवले. मी तिथेच बसलो होतो. टॉर्कचं गणित आलं तेव्हा आमची पोरगी मध्येच माझ्याकडे वळली, "पप्पा, तुमच्याकडे टॉर्क रेंच असतो ना?" मी म्हटलं असतो, आणि पाना टोकाला धरला की कमी जोर लागतो, नटाजवळ धरला की घाम फुटतो. जोर सरळ पान्याच्या लांबीतच लावला तर नट हलतच नाही. "म्हणजे साइन झिरो," ती वरच्या मुलीला म्हणाली. मला साइन कळलं नाही, पण विचारलं नाही. तिचं चाललं होतं.

परवाच्या टेस्टला फिजिक्स 19. तुम्ही म्हणाल पाचच वाढले. हो, पाचच. बाई, झोप ठीक आहे, जेवतेही. पहाटेचा दिवा अजून लागत नाही, रात्री अकरापर्यंत बसते. मी "आज काय केलं" विचारणं सोडलंय. पहिले चार दिवस फार जड गेलं.

पंचवटीच्या_बाई

पाच वाढले ते तुक्क्याचे नाहीत, एवढं बघा. आणि घरच्या ग्रुपचं काय केलंत?

सिडकोकर_पप्पा

लिहून टाकलं की यापुढे मार्क विचारू नका, निकाल लागला की पेढे आणीन. बहीण रुसली आहे. क्लासच्या ग्रुपचं अवघड आहे. शनिवारी आम्ही तीन पालक सरांना भेटायला जातोय, यादी नावाने टाकू नका, रोल नंबरने ज्याला-त्याला पाठवा असं सांगायला. तीनच जण तयार झाले. कुणी आधी असं सांगितलं असेल तर कसं बोललात ते लिहा, मला तिथे तावातावाने बोलायचं नाहीये.

दुसऱ्यांदा_नीट

काका, आधी सरांचं ऐकून घ्या 😄