नाद हेच नाणं असलेल्या जगातली गुप्त मंडळी रचताना: तुमची रीत लिहा

नाणं खरं की खोटं, हे आपण वाजवूनच घेतो. ज्या कल्पित जगात नाद हीच संपत्ती आहे, तिथली चोरून नाद साठवणारी मंडळी कथेत, श्रुतिकेत किंवा खेळात उभी करायची, तर तपशील काटेकोर लागतो. ज्यांनी असं जग रचलंय त्यांनी पायऱ्या, मापं आणि गडबड कुठे होते ते लिहावं.

मोलाबद्दल

शपथा आणि मुखवटे नंतर. आधी किंमत कशाची, ते ठरवा. 'जितका मोठा आवाज तितका पैसा' हा नियम घेतला की आराखडा कोसळतो. दोन सारखे गायक एकत्र गायले तर आवाजाची पातळी ३ डेसिबलने (डेसिबल हे या पातळीचं माप) वाढते, दहा गायले तर १० ने. १० डेसिबलची वाढ कानाला साधारण दुप्पटच वाटते. म्हणजे दहा गळे राबवायचे आणि मिळकत दुप्पट! ऊर्जा म्हणून मोजलं तर त्याहून वाईट, कारण साध्या बोलण्यातली ध्वनिशक्ती वॅटच्या एक लाखाव्या भागाच्या आसपास असते. म्हणून मोल दुर्मिळतेला बांधा: बाळाचा पहिला टाहो, वितळवून टाकलेल्या घंटेचा टोला, पुन्हा कधीच न होणारी हाक. मग ठरवा, खर्च केल्यावर जातं काय? देणाऱ्याच्या गळ्यातून तो स्वर कायमचा जातो, की ऐकणाऱ्याच्या आठवणीतून? हे ठरलं की मंडळी का लपते, ते वेगळं सांगावं लागत नाही.

ओळख पटवण्याबद्दल

परवलीचा शब्द इथे नकोच, तो कोणीही ऐकून उचलेल. नादकाटे (ट्युनिंग फोर्क, म्हणजे ठोकला की एकच स्वर देणारा दोन भुजांचा धातूचा काटा) वापरा. एक ४४० हर्ट्झचा, म्हणजे सेकंदाला ४४० कंपनांचा, दुसरा ४४३ चा. दोन्ही एकदम वाजवले की आवाज सेकंदाला तीनदा चढतो-उतरतो. हेच विस्पंद. एकट्या काट्यात हे गुपित नसतंच, ते जोडीत असतं, म्हणून एक काटा पकडला गेला तरी मंडळी उघडी पडत नाही.

काटा जुळवताना टोकाकडून कानस मारली तर स्वर चढतो, भुजा जिथे जुळतात तिथे मारली तर उतरतो. टोकाला मेण लावलं तरी उतरतो, आणि मेण खरवडून काढता येतं. म्हणून शेवटची जुळणी मेणानेच करावी.

यात एक मोठी फट आहे. ४३७ चा काटाही ४४० शी तीनच विस्पंद देतो, म्हणजे ४४३ ऐवजी ४३७ चा खोटा काटाही चालून जातो. उपाय असा: आलेल्या माणसाच्या काट्याला मेणाचा छोटा मणी लावून पुन्हा वाजवायचं. काटा वरच्या स्वराचा असेल तर विस्पंद मंदावतात, खालचा असेल तर वाढतात. लेखकाला हा प्रसंग सोन्यासारखा आहे, कारण मणी लावेपर्यंत खोटा माणूस खराच वाटतो.

दुसरी अडचण तापमानाची. पोलादी काटा तापला की उतरतो, या पट्टीत १० अंशांना साधारण अर्धा हर्ट्झ. एक काटा अंगाशी धरून उबलेला आणि दुसरा थंडीतून आलेला, असा २० अंशांचा फरक पडला तर तीनाचे दोन किंवा चार होतात आणि खरा माणूस दारातून परत जातो. दोन्ही काटे आधी एकाच फळीवर थोडा वेळ ठेवावेत.

याला जोड

हवेत धरलेला काटा फार क्षीण वाजतो. दोघांचे दांडे एकाच लाकडी फळीवर टेकवले की विस्पंद स्पष्ट येतात, पण खोलीभर ऐकू जातात. गुपचूप तपासायचं तर दांडे तपासणाऱ्याच्या कानामागच्या हाडावर टेकवावेत. हाडातून स्वर आत पोहोचतो, शेजाऱ्याला जवळजवळ काहीच कळत नाही.

बैठकीच्या जागेबद्दल

जाड भिंती रंगवण्यात पानं घालवू नका. गळती फटीतून होते. दार १ मीटर रुंद, २ मीटर उंच आणि खाली २ सेंटीमीटर फट, म्हणजे दाराच्या क्षेत्रफळाचा एक टक्का. एवढ्याने ते दार, कितीही जाड असलं तरी, जेमतेम २० डेसिबल अडवतं. आत ६० डेसिबलने बोललेलं बाहेर चाळिशीत पोहोचतं, म्हणजे शांत गल्लीत कानोसा घेणाऱ्याला पुरेसं. उंबरठा, कडेला लोकर, आणि अंतर ठेवून दुसरं दार, एवढं हवंच.

घुमटाखाली तर बैठक कधीच नको. विजापूरच्या गोल घुमटात भिंतीशी केलेली कुजबुज सुमारे ३८ मीटरवर, समोरच्या बाजूला ऐकू येते. हेरासाठी मात्र अशी जागा उत्तम.

तालाच्या खुणेबद्दल

दुरून खूण द्यायची तर १६ मात्रांच्या ठेक्यातली ठरलेली एक मात्रा गाळावी आणि रोज जागा बदलावी. पहिलं आवर्तन पूर्ण वाजवा, नाहीतर ऐकणाऱ्याला सम, म्हणजे आवर्तनाची पहिली मात्रा, सापडत नाही. समेची मात्रा कधी गाळू नये, ती गेली की पुढची सगळी मोजणी चुकते.

पडसादाकडेही लक्ष हवं. समोर ३४ मीटरवर भिंत असेल तर आवाज ०.२ सेकंदांनी परत येतो. लय मिनिटाला ३०० मात्रांची असली तर मात्राही ०.२ सेकंदांचीच, आणि आधीच्या मात्रेचा पडसाद गाळलेली जागा नेमकी भरून टाकतो. खूण पुसली जाते. लय निम्मी ठेवली की पडसाद दोन मात्रांच्या मधोमध पडतो.

शब्दांबद्दल थोडंसं

'आवाज' हा एकच शब्द सगळीकडे वापरला तर बाजार सपाट वाटतो. किणकिण, छनछन, खणखण, घणघण ही चढती नाणी करता येतील. घासाघीस, मोड, उधारी याच शब्दांत चालू द्या: 'घणघण मोडून खणखण दे' असं गिऱ्हाईक म्हणालं, की कोणतं नाणं मोठं ते वाचकाला बरोबर कळतं.